सी ड्राइव्ह लाल झाली आहे, मुलाचे गेम काढायचे आहेत. नीट कसे काढू?

हिशोबनीस (बुधवार, रात्री ९.४०)

नमस्कार मंडळी. मी चिपळूणहून. घरच्या डेस्कटॉपवर मी टॅलीत काही दुकानदारांचे हिशोब सांभाळते. चिरंजीव सुट्टीला आले की त्याच मशीनवर गेम खेळतात. सध्या स्वारी पुण्याला हॉस्टेलवर आहे. इकडे रिटर्न भरायचे दिवस तोंडावर आलेत आणि टॅलीचा बॅकअप घ्यायला गेलं की 'जागा नाही'. सी ड्राइव्हची पट्टी लालभडक: २२३ जीबीपैकी ३ जीबी मोकळी. (एसएसडी, म्हणजे ती वेगवान डिस्क, २४० ची म्हणून घेतली होती. वरचे १७ जीबी कुठे गेले?)

डी नावाची दुसरी, साधी हार्ड डिस्क आहे, ९३१ जीबीची. तिच्यात फोटो आणि जुनी कागदपत्रं सोडली तर फारसं काही नाही.

शेजारचा मुलगा येऊन डेस्कटॉपवरचे गेमचे सगळे आयकॉन डिलीट करून गेला. "झालं काकू" म्हणाला. जागा तसूभरही वाढलेली नाही.

गेम मुळापासून कसे काढायचे? आणि काढताना टॅलीच्या डेटाला धक्का लागणार नाही ना?

फुकटफौजदार (बुधवार, रात्री ९.५२)

ताई, चिरंजीवांना विचारलंत का? नसेल तर आधी तो विषय मिटवा, ड्राइव्हचं नंतर बघू. चहा टाकून बसलो आहे.

टेराबाईट_तात्या (बुधवार, रात्री १०.१५)

आयकॉन म्हणजे फक्त शॉर्टकट. दारावरची पाटी काढली म्हणून भाडेकरू जात नाही.

१७ जीबी कुठेही गेलेले नाहीत. डिस्क बनवणारे १००० च्या पटीत मोजतात, विंडोज १०२४ च्या पटीत मोजतं. म्हणून २४० चे २२३ दिसतात आणि तुमच्या त्या ९३१ वाल्या डिस्कच्या खोक्यावर १ टीबी लिहिलेलं असणार.

आता कामाचं. गेमला हात लावण्याआधी टॅली. बॅकअपच्या स्क्रीनवर डेस्टिनेशन पाथ असतो, तिथे डी मधला एखादा फोल्डर द्या. टॅलीचा डेटा फार मोठा नसतो, बऱ्याच वेळा काहीशे एमबीच. आजचा बॅकअप आज होऊन जाईल. त्याची एक प्रत पेनड्राइव्हवरही टाका. टॅलीप्राइमचा डेटा वेगळी जागा दिली नसेल तर सी मधल्या युजर्स, त्यातल्या पब्लिक या फोल्डरात असतो. हे मुद्दाम सांगतो, कारण 'पब्लिक म्हणजे काहीतरी फालतू असेल' म्हणून साफसफाईत तो उडवणारे लोक असतात.

हे झालं की सेटिंग्ज, अ‍ॅप्स, इन्स्टॉल्ड अ‍ॅप्स उघडा, यादी आकाराप्रमाणे लावा आणि वरची नावं इथे द्या. एक लक्षात घ्या, ती यादी गेमच्या बाबतीत भरवशाची नाही. लाँचरमधून (स्टीम, एपिक असे गेम उतरवून चालवणारे प्रोग्रॅम) टाकलेल्या गेमपुढे पुष्कळदा आकडाच येत नाही. खरा हिशोब हवा असेल तर विझट्री किंवा विनडिरस्टॅट चालवा. दोन्ही घरगुती वापराला फुकट आहेत आणि कुठला फोल्डर किती खातो ते चित्रासकट दाखवतात.

हिशोबनीस (बुधवार, रात्री ११.०५)

तात्या, तुम्हाला दंडवत! बॅकअप डी वर गेला. तीनशे एमबीसुद्धा नव्हता. एवढ्यासाठी मी तीन दिवस डोकं धरून बसले होते.

विझट्री चालवलं. मोठे रहिवासी असे:

जीटीए फाइव्ह (एपिक गेम्सच्या फोल्डरात) ११३ जीबी
व्हॅलोरंट (रायट गेम्स) ३४
ब्लूस्टॅक्स १६
व्हिडिओज नावाचा फोल्डर ९
हायबरफिल अशी एक फाइल ६
बाकी विंडोज, ऑफिस, टॅली वगैरे मिळून ४२ च्या आसपास

शिवाय माइनक्राफ्ट आणि क्रिकेट ०७ दिसतात, पण ते अगदी छोटे आहेत.

माझा विचार असा की जीटीए उडवलं की प्रश्नच मिटला. बरोबर ना?

रात्रपाळी (बुधवार, रात्री ११.३०)

थांबा ताई, जीटीए नका उडवू, आधी बाकीचं ऐका.

गेम काढताना 'किती मोठा' यापेक्षा 'त्यातली प्रगती कुठे साठते' हे आधी बघायचं. व्हॅलोरंट पूर्ण ऑनलाइन आहे. रँक, स्किन्स, सगळं रायटच्या सर्व्हरवर, तुमच्या मुलाच्या अकाउंटला जोडलेलं. पीसीवरून आत्ता काढलं आणि दिवाळीत परत टाकलं तरी त्याचा केसही वाकडा होणार नाही. ते बिनधास्त काढा. फक्त यादीत 'रायट व्हॅनगार्ड' अशी वेगळी नोंद असेल. तो चीटिंग पकडणारा प्रोग्रॅम आहे आणि विंडोज सुरू होतानाच सुरू होतो. व्हॅलोरंट गेलं तरी तो मागे राहू शकतो, म्हणून तोही वेगळा अनइन्स्टॉल करा. हिशोबाच्या मशीनवर त्याचं काय काम?

जीटीएची स्टोरी मोड मात्र पीसीवर सेव्ह होते. डॉक्युमेंट्स, रॉकस्टार गेम्स, जीटीए फाइव्ह, प्रोफाइल्स. गेम अनइन्स्टॉल केला तरी हा फोल्डर सहसा तसाच राहतो, पण कॉपी करून ठेवायला काय जातं? काही एमबीचा तर आहे.

माइनक्राफ्टला तर हातच लावू नका. जावा आवृत्ती असेल तर त्याची जगं अ‍ॅपडेटामधल्या (प्रोग्रॅम आपापला डेटा ठेवतात तो विंडोजचा फोल्डर) डॉट-माइनक्राफ्ट फोल्डरात, सेव्हज मध्ये असतात. पोरांनी वर्षानुवर्षं बांधलेले किल्ले असतात तिथे.

झटपट_झंप्या (गुरुवार, सकाळी ७.१०)

एवढा काथ्याकूट कशाला. सी मध्ये जायचं, गेमचा फोल्डर सिलेक्ट करायचा, शिफ्ट डिलीट. दोन मिनिटांत काम फत्ते. अ‍ॅपडेटा पण रिकामा करा, सगळा कचराच असतो तिथे.

टेराबाईट_तात्या (गुरुवार, सकाळी ७.४८)

झंप्याराव, तुमचं दुसरं वाक्य मॉडरेटरांनी काढून टाकावं अशी विनंती. अ‍ॅपडेटा रिकामा केला तर ताईंच्या ब्राउझरचे साठवलेले पासवर्ड, इतर प्रोग्रॅमच्या सेटिंग्ज आणि त्या पोराचे किल्ले, सगळं एका फटक्यात जाईल. अनेक गेमचे सेव्ह तिथेच असतात: काहींचे लोकलमध्ये, काहींचे रोमिंगमध्ये, युनिटी इंजिनवर बनलेल्या बऱ्याच गेमचे लोकललो मध्ये.

पहिल्या वाक्याबद्दल. फोल्डर थेट उडवला की जागा मिळते हे खरं. पण लाँचरला ते ठाऊक नसतं. तो गेम 'इन्स्टॉल्ड' दाखवत राहतो, विंडोजच्या यादीत नाव राहतं, आणि पुढे अनइन्स्टॉल करायला गेलं तर अनइन्स्टॉलरच सापडत नाही, कारण तो त्याच फोल्डरात होता. लाँचरमधून आलेला गेम लाँचरमधूनच काढावा. स्टीमचा असेल तर लायब्ररीत नावावर राइट क्लिक, मॅनेज, अनइन्स्टॉल. एपिकमध्ये नावाजवळच्या तीन ठिपक्यांवर.

आणि स्टीमवाल्यांनी स्टीम हा प्रोग्रॅमच काढला तर त्याच्या फोल्डरातले सगळे गेमही सोबत जातात. एक गेम काढायला जाऊन अख्खी लायब्ररी घालवलेले लोक मी पाहिले आहेत.

मृदगंध (गुरुवार, सकाळी ९.२०)

माइनक्राफ्टबद्दल रात्रपाळी यांना अनुमोदन, आणि एक पुरवणी. मायक्रोसॉफ्ट स्टोअरवरून घेतलेली जुनी बेडरॉक आवृत्ती असेल तर गोष्ट उलटी आहे. तिथे जगं अ‍ॅपच्याच पोटात साठायची, म्हणजे अ‍ॅप अनइन्स्टॉल केलं की जगंही गेली. त्यामुळे कुठली आवृत्ती आहे ते मुलालाच विचारा. नाहीतर गेम उघडून जगाच्या सेटिंगमधून 'एक्स्पोर्ट' करून फाइल बाजूला ठेवा.

आणि हिशोबनीसताई, थोडं आगाऊपणे बोलते. माझ्या घरी दोन आहेत, नववीतला आणि बारावीतली. मशीन तुमचं, वीजबिल तुमचं, सगळं मान्य. पण त्याला न विचारता काढू नका. त्याच्या वह्या रद्दीत घालण्याआधी विचारता ना, तेवढंच. आणि व्यवहाराची बाजू अशी की पासवर्ड त्याच्याकडेच आहेत. लाँचर लॉगिन मागेल तेव्हा त्यालाच फोन करावा लागणार आहे!

फुकटफौजदार (गुरुवार, सकाळी ९.३१)

मी पहिल्याच प्रतिसादात हे एका ओळीत सांगितलं होतं याची सभेने नोंद घ्यावी.

ह्यूस्टनकर (गुरुवार, सकाळी १०.०५)

सगळं वाचलं. मला प्रामाणिकपणे कळत नाही की एवढी जपणूक कशासाठी. आजकाल गेम हा अकाउंटवर असतो, डिस्कवरची नुसती प्रत. मी खेळून झाला की काढतो, परत वाटला की रात्री डाउनलोडला लावतो, सकाळी तयार. सेव्ह बहुतेक वेळा क्लाउडवर असतातच. ११३ जीबी म्हणजे काही जगबुडी नाही.

माळरान (गुरुवार, सकाळी १०.४०)

ह्यूस्टनकर, राम राम. मी जत तालुक्यातला. आमच्या वस्तीवर फायबर आलेलं नाही, मोबाइलचा हॉटस्पॉट हाच आमचा ब्रॉडबँड. पॅक रोज दीड जीबीचा. १०० जीबीचा गेम त्यावर उतरवायचा म्हटलं तर रोजचा सगळा डेटा त्यालाच घातला तरी दोन महिन्यांच्या वर जातात, आणि त्या दोन महिन्यांत घरात कुणी व्हॉट्सअ‍ॅपसुद्धा बघायचं नाही. तोवर गेमचं नवं अपडेट येतंय, ते आणि २० जीबीचं.

आमच्याकडं गेम 'काढला' म्हणजे गेलाच. म्हणून आम्ही काढत नाही, हलवतो. सांगलीला मित्राच्या खोलीवर वायफाय आहे, तिथं एकदा उतरवून एक्स्टर्नल हार्ड डिस्कवर घेऊन येतो. स्टीममध्ये बॅकअप घ्यायची आणि तो परत टाकायची सोय आहे, ती आमच्यासाठीच केलीय असं वाटतं. गॉग या दुकानाचे गेम तर अजून बरे. पूर्ण इन्स्टॉलर फाइलच मिळते, ती डिस्कवर ठेवायची. नेट नसलं तरी टाकता येतो, लॉगिन नको का काय नको.

ताई, तुमच्या डी वर एवढी जागा मोकळी असताना जीटीए काढायचा विचारच का करताय?

हिशोबनीस (गुरुवार, सकाळी ११.१५)

माळरान, अगदी मुद्द्याचं बोललात. आमच्याकडे केबलवाल्याचं फायबर आहे, वेग ४० चा म्हणतात. पण पावसाळ्यात वायर तुटली की चार चार दिवस कुणी फिरकत नाही. गेला महिनाभर तर दिवसाआड चालू-बंद.

पण डी ही साधी हार्ड डिस्क आहे ना? मुलगा म्हणायचा, गेम एसएसडीवरच लागतात.

टेराबाईट_तात्या (गुरुवार, दुपारी १२.३०)

४० एमबीपीएस म्हणजे सेकंदाला ५ मेगाबाइट. ११३ जीबीला सलग सहा-सात तास, वेग खरोखर ४० मिळाला आणि मध्ये लाइन गेली नाही तर. हीच प्रत सी वरून डी वर न्यायला फार तर अर्धा-पाऊण तास. ह्यूस्टनकरांचं त्यांच्या जागी बरोबर आहे, पण ते गणित इकडे लागू पडत नाही.

एसएसडीचं म्हणाल तर ते गेमवर आहे. जीटीए फाइव्हच्या पीसीवर आता दोन आवृत्त्या आहेत. २०१५ ची मूळची, जिला आता लेगसी म्हणतात, ती हार्ड डिस्कवर चालते. सुरुवातीला लोड व्हायला वेळ घेते, एवढंच. मार्च २०२५ मध्ये आलेली एनहान्स्ड आवृत्ती मात्र एसएसडी मागते. कुठली आहे ते चिरंजीवांना विचारा. ज्यांच्याकडे मूळ गेम होता त्यांना नवी आवृत्ती फुकट मिळाली, त्यामुळे काही लोकांच्या डिस्कवर दोन्ही शेजारी शेजारी बसलेल्या असतात आणि मालकाला पत्ता नसतो.

रात्रपाळी (गुरुवार, दुपारी १.०५)

एपिकच्या फोल्डरात आहे म्हणजे मे २०२० ची कमाई दिसते. तेव्हा एपिकने जीटीए फाइव्ह फुकट वाटलं होतं आणि लोड इतका आला की त्यांची साइटच झोपली होती. लॉकडाउनमध्ये आमच्या अख्ख्या बॅचने ते घेतलं. त्यानंतर दर गुरुवारी फुकट गेम घ्यायची सवय लागली ती लागलीच. माझ्या लायब्ररीत शेकड्यांनी आहेत, उघडलेत किती विचारू नका. पण ते नुसते अकाउंटवर पडून असतात, डिस्कवर नाही. त्यामुळे लायब्ररीतली लांबलचक यादी बघून कुणाच्या आईने घाबरू नये.

हिशोबनीस (गुरुवार, रात्री ८.५०)

मुलाशी बोलणं झालं. सुरुवातीला "आई तू कशालाच हात लावू नकोस, मी गणपतीत येतो तेव्हा बघतो" असं झालं. मी म्हटलं, आयकर खातं गणपतीपर्यंत थांबेल का विचारून सांग. मग वाटाघाटी झाल्या.

व्हॅलोरंट काढायला हरकत नाही, हॉस्टेलच्या लॅपटॉपवर खेळतोच म्हणे. (हे मला आजच कळलं. अभ्यासाला घेऊन दिला होता तो लॅपटॉप.) ब्लूस्टॅक्स बीजीएमआय या मोबाइलवरच्या गेमसाठी टाकलं होतं, आता फोनवर खेळतो, तेही काढ म्हणाला. माइनक्राफ्ट जावा आहे. जीटीए लेगसी आहे, पण काढू नकोस, हलव. आणि क्रिकेट ०७ ला हात लावलास तर घरी येणार नाही.

आत्ता व्हॅलोरंट, व्हॅनगार्ड आणि ब्लूस्टॅक्स काढून झालं. ३ वर ३४ आणि १६ म्हणजे ५३ मोकळे व्हायला हवेत. दिसतात ३८. माझा हिशोब सहसा चुकत नाही. १५ कुणाकडे येणे आहेत?

रात्रपाळी (गुरुवार, रात्री ९.१०)

ब्लूस्टॅक्सकडे! तो म्हणजे पीसीच्या आत चालणारा एक अख्खा अँड्रॉइड फोन. त्या फोनचं स्टोरेज पीसीवर एका भल्यामोठ्या फाइलमध्ये असतं. आत गेम टाकला की फाइल फुगते, आतला गेम काढला तरी ती आपोआप आक्रसत नाही. मुलाने बीजीएमआय आतून कधीच काढलं असेल, जागा मात्र अडकलेली. आणि प्रोग्रॅम काढल्यावरही सी मधल्या प्रोग्रॅमडेटा फोल्डरात ब्लूस्टॅक्स नावाने डेटा उरू शकतो. विझट्रीत परत बघा. त्यांच्याच साइटवर उरलंसुरलं काढायचं क्लीनर टूल मिळतं, ते वापरा.

फुकटफौजदार (गुरुवार, रात्री ९.२२)

अवांतर: क्रिकेट ०७ ला हात लावू नका याला आमच्या पिढीचाही जाहीर पाठिंबा. नोव्हेंबर २००६ चा गेम, ईएने त्यानंतर पीसीवर क्रिकेटचा गेमच काढला नाही. तरी लोक अजून त्यावर नव्या टीम, नव्या जर्सी, आयपीएलचे पॅच चढवून खेळतात. एवढासा गेम, २० वर्षं टिकला. नाहीतर हल्लीचे.

ह्यूस्टनकर (गुरुवार, रात्री १०.४०)

माळरान, तुमचं म्हणणं पोचलं. दीड जीबीचा हिशोब माझ्या डोक्यातच नव्हता.

फुकटफौजदारांच्या अवांतरात माझी भर. हल्लीचे गेम फुगतात ते नुसत्या चांगल्या ग्राफिक्समुळे नाही. २०१४ मध्ये टायटनफॉल आला तेव्हा पीसीवर ४८ जीबी घ्यायचा, आणि त्यातले ३५ जीबी नुसता आवाज होता, अजिबात कॉम्प्रेस न केलेला. कारण काय, तर दोन कोअरच्या कमकुवत मशीनवर आवाज उलगडण्याचा ताण पडू नये. कॉल ऑफ ड्यूटी मॉडर्न वॉरफेअर वॉरझोनसकट २०० जीबीच्या वर गेला होता. शेवटी २०२१ च्या मार्चमध्ये त्यांनाच अपडेट काढून तो आटवावा लागला. त्यात एक सोय चांगली आहे: कॅम्पेन (एकट्याने खेळायची गोष्ट) खेळून झालं असेल तर तेवढाच भाग काढता येतो, मल्टीप्लेअर ठेवता येतो. पूर्ण गेम काढण्याआधी असा पर्याय आहे का बघावं. बऱ्याच लोकांना माहीतच नसतो.

सगळ्यात कहर म्हणजे हेलडायव्हर्स २. पीसीवर दीडशे जीबीच्या घरात, कन्सोलवर त्याच्या पावपटही नाही. साध्या हार्ड डिस्कवाल्यांना पटकन लोड व्हावं म्हणून एकच फाइल अनेक ठिकाणी परत परत ठेवलेली होती. २०२५ च्या अखेरीस त्यांनी मोजून पाहिलं तर हार्ड डिस्कवरही फरक अगदी थोडा पडत होता. मग त्या जुळ्या प्रती काढून गेम २३ जीबीवर आणला.

माळरान (गुरुवार, रात्री १०.५५)

म्हणजे सव्वाशे जीबी लोकांनी उगंच उतरवले? आमच्या हिशोबानं तीन महिन्यांचा डेटा झाला की हो!

टेराबाईट_तात्या (शुक्रवार, सकाळी ६.५०)

ताई, जीटीए हलवायची कृती देतो. लाँचरमध्ये हलवायची सोय दिसली तर तीच वापरा. न दिसल्यास हा जुना उपाय:

आधी डॉक्युमेंट्समधला रॉकस्टार गेम्स फोल्डर पेनड्राइव्हवर घ्या. मग सी मधल्या प्रोग्रॅम फाइल्स, एपिक गेम्स इथला जीटीएचा पूर्ण फोल्डर कॉपी करून डी वर पेस्ट करा. त्याचं नाव बदलून शेवटी 'जुना' असं काही लावा. कट नको, कॉपी. हे बजावतो ते चिपळूणच्या पावसाकडे बघून. कट-पेस्ट करताना मध्येच लाइट गेली तर अर्धा गेम इथे, अर्धा तिथे आणि लाँचर दोन्ही ओळखत नाही. कॉपीत लाइट गेली तर मूळ जागेवर सगळं शाबूत असतं, पुन्हा सुरुवात करायची. यूपीएस असेल तर उत्तमच.

कॉपी पूर्ण झाली की दोन्ही फोल्डरांवर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, आणि फाइलींची संख्या व आकार जुळतात का बघा. ताळा करायचा, हे तुम्हाला मी काय सांगणार. जुळलं तरच लाँचरमधून गेम अनइन्स्टॉल करा.

आता लाँचरमध्येच परत इन्स्टॉल दाबा, जागा विचारेल तेव्हा डी मधला फोल्डर द्या. दोन-तीन टक्के झाले की डाउनलोड्समध्ये जाऊन फुलीवर क्लिक करून ते रद्द करा आणि लाँचर पूर्ण बंद करा. त्याने डी वर जीटीएचा नवा फोल्डर बनवलेला असेल. 'जुना' मधलं सगळं त्यात टाका, रिप्लेस करू का विचारेल, हो म्हणा. आता दोन्ही डी वरच असल्याने इथे कट-पेस्ट चालेल आणि झटकन होईल. लाँचर उघडून इन्स्टॉल पुन्हा सुरू करा. तो आहेत त्या फाइली तपासत बसेल आणि कमी असेल तेवढंच नेटवरून ओढेल.

स्टीमवाल्यांना यातलं काहीही करावं लागत नाही. सेटिंग्ज, स्टोरेज, दुसरी ड्राइव्ह जोडा, गेम निवडा, मूव्ह. संपलं.

मृदगंध (शुक्रवार, सकाळी ८.३०)

तात्या, हायबरफिल आणि व्हिडिओजचं राहिलं की.

टेराबाईट_तात्या (शुक्रवार, सकाळी ८.४५)

हायबरफिल ही विंडोजची हायबरनेशनची (पीसी बंद करताना चालू काम डिस्कवर साठवण्याची सोय) फाइल. हाताने डिलीट होत नाही, हायबरनेशन बंद केलं की जाते. पण मग फास्ट स्टार्टअपही बंद होतं. ६ जीबीसाठी ताईंनी त्यात पडू नये. अपग्रेड नुकतंच झालं असेल आणि सी मध्ये विंडोज डॉट ओल्ड दिसत असेल तर तो डिस्क क्लीनअपमधून काढता येतो. थांबलात तर साधारण १० दिवसांनी विंडोज स्वतःच काढतं.

व्हिडिओज उघडून बघा. गेम खेळताना केलेली रेकॉर्डिंग असणार.

हिशोबनीस (शुक्रवार, संध्याकाळी ७.२०)

अहवाल देते.

ब्लूस्टॅक्सचे १५ वसूल झाले. जीटीएची कॉपी लावली आणि पंधराव्या मिनिटाला लाइट गेली! तात्या, तुमच्या तोंडात साखर पडो की काय म्हणू? दुपारी लाइट आल्यावर नव्याने लावली. तेवढ्यात शेजारून इन्व्हर्टरची लाइन ओढून घेतली होती. ताळा जुळला. एपिकने लॉगिनला मुलाच्या मेलवर कोड पाठवला, तो लेक्चरमध्ये, फोन बंद. तासभर नुसती बसून. कोड मिळाल्यावर तुमच्या कृतीप्रमाणे केलं. तपासणीत बराच वेळ गेला, पण नेटवरून जेमतेम दोन जीबी ओढले आणि 'लाँच' असं बटण आलं. दाबून पाहिलं. एक माणूस समुद्रकिनाऱ्यावर उभा होता, मी बंद केलं.

व्हिडिओजमध्ये खरंच रेकॉर्डिंग होती, कॅप्चर्स नावाच्या फोल्डरात. डी वर हलवली. त्यातल्या एकाची तारीख बारावीच्या बोर्डाच्या फिजिक्सच्या पेपरच्या आदल्या रात्रीची आहे, वेळ पावणेदोन. हा विषय गणपतीत घेतला जाईल.

आता सी वर १७५ मोकळे. माझ्या आकडेमोडीप्रमाणे १७५ च यायला हवे होते.

रात्रपाळी (शुक्रवार, संध्याकाळी ७.३५)

भावा, तू हे वाचत असशील तर व्हिडिओचं काय सांगायचं ते आत्ताच ठरवून ठेव.

झटपट_झंप्या (शुक्रवार, रात्री ८.१५)

शिफ्ट डिलीटने बुधवारीच झालं असतं. असो, अभिनंदन.

मृदगंध (शुक्रवार, रात्री ८.४०)

ताई, आता १७५ आहेत म्हणून पुन्हा काठोकाठ भरू देऊ नका. एसएसडी गच्च भरली की लिहिण्याचा वेग पडतो, आणि विंडोजच्या अपडेटलाही मोकळी जागा लागते. पाचवा हिस्सा तरी रिकामा असावा असं आमचे हे म्हणतात. एपिक असो की स्टीम, नवे गेम टाकताना जागा डी चीच द्यायची हे आत्ताच ठरवून ठेवा. तो गणपतीत आल्यावर काय काय उतरवेल याचा नेम नाही.

माळरान (शनिवार, सकाळी ९.०५)

तात्या, धाग्यात घुसून विचारतो. मित्राकडून गेम ६४ जीबीच्या पेनड्राइव्हवर आणायला गेलो, जागा रिकामी असून एक फाइल 'फार मोठी आहे' म्हणतोय. फाइल ९ जीबीची आहे. पेनड्राइव्ह खराब का?

टेराबाईट_तात्या (शनिवार, सकाळी ९.४०)

खराब नाही. ती फॅट ३२ मध्ये (फाइली साठवायची एक जुनी पद्धत) फॉरमॅट झालेली असणार, त्यात एक फाइल ४ जीबीपेक्षा मोठी मावत नाही. आतलं दुसरीकडे काढून घ्या, राइट क्लिक, फॉरमॅट, आणि फाइल सिस्टिममध्ये एक्सफॅट निवडा. ती बऱ्याचशा जुन्या टीव्हीत चालणार नाही, तेवढं घरच्यांना आधी विचारून घ्या.